पहिली कॅसेट

आमच्या घरात बोलणं कमी होतं, आवाज मात्र पुष्कळ. बा ओसरीत जाळं विणायला बसला की त्याच्या हातातली लाकडी सुई टकटक वाजायची. जाळ्याच्या काठाला बांधायच्या भाजक्या मातीच्या गोळ्या टोपल्यात एकमेकींवर घासायच्या. माय अंगणात झिंगे वाळत घालून दिवसभर कोंबड्या हाकलायची. गाव वैनगंगेच्या काठाला, अलीकडे, म्हणजे चंद्रपूर जिल्ह्यात. डोंग्यातून पलीकडे उतरलं की गडचिरोली. उन्हाळ्यात सकाळी आंबील, दुपारी भात आणि लाखोळीची डाळ, वर तव्यावर भाजलेल्या झिंग्यांची चटणी. ती चटणी मला आजही आवडते, पण त्या काळी तिचा वास माझ्या शाळेच्या शर्टातून जात नसे आणि बाकावरच्या मुली हळूच सरकून बसत. हे आधीच सांगते, कारण पुढे मी जे केलं त्याची मुळं कुठे होती हे शोधताना मला दरवेळी तो बाक आठवतो. सबब म्हणून नाही. सबब शोधायचं वय माझं केव्हाच संपलं.

घरात आम्ही चौघं. बा, माय, मी आणि माझी मोठी बहीण शेवंता. आमच्याकडे मोठ्या बहिणीला बाई म्हणतात, म्हणून मी तिला बाईच म्हणायचे, अजूनही म्हणते. मी दहावीला होते तेव्हा ती लग्नाची होती. त्या वर्षी ती गावातल्या बायांबरोबर आंध्रात मिरची तोडायला गेली आणि हंगाम संपायच्या आधीच एकटी परत आली. आल्यावर हातांची आग होते म्हणून तासन्‌तास हात ताकात बुडवून बसायची. महिनाभरानं मायच्या लक्षात आलं की दुखणं हाताचं नाही. कोण, कसा, तिच्या मर्जीनं की मर्जीविरुद्ध, हे मायनं मारूनही तिच्या तोंडून निघालं नाही, आणि पुढे कोणी विचारलंही नाही. घरात एकच भीती होती, जातीच्या पंचांची. त्यांना कळलं असतं तर आमच्या घरचं पाणी बंद झालं असतं, बाला तलावावर कोणी सोबत घेतलं नसतं. पोटाला एक लुगडं जास्तीचं गुंडाळून बाई घरात फिरायची आणि आम्ही सगळे तिच्या पोटाकडे न बघायला शिकलो.

आम्हा ढिवरांचा एक नियम होता, आता तो पाळणारे फारसे उरले नसतील. पुरात जाळं तुटून वाहून गेलं की मालकाच्या घरचं कोणीतरी काठाकाठानं त्याच्या मागे पळायचं, डोळे जाळ्यावर ठेवून. याला नजर धरणं म्हणायचे. नजर धरलेली असेल तर खालच्या गावात कोणीही ते पाण्याबाहेर काढो, जाळं मूळ मालकाचं. नजर तुटली तर मग जो काढील त्याचं, आणि मालकानं ते त्याच्या दारात वाळताना पाहिलं तरी मागायचं नाही. भांडण पंचांपुढे गेलं तर पंच जाळ्याची खूण विचारत नसत, विणकर विचारत नसत. फक्त विचारत, नजर कोणाची होती. लहानपणी मीही एकदा धरली होती, काट्याकुट्यांतून पळत, आणि बानं मला त्या दिवशी खांद्यावर बसवून घरी आणलं होतं.

त्याच हिवाळ्यात नदीपलीकडच्या मिशनच्या दवाखान्यातले एक ब्रदर जीपमधून टीव्ही, व्हीसीआर आणि जनरेटर घेऊन गावात आले. रविवार होता, शाळा रिकामी. खिडक्यांवर ताडपत्र्या बांधून भरदुपारी वर्गात अंधार केला आणि अख्खं गाव आत कोंबलं. ब्रदर सिरोंचाकडचे, त्यांचं मराठी तेलुगूच्या चालीवर जायचं. त्यांनी सांगितलं की पिक्चर विलायती आहे, देवाच्या पुस्तकातलं आहे, फार लांब आहे, म्हणून दोन कॅसेटी आहेत. बोलणं इंग्रजीत असलं तरी ते मधे मधे समजावून सांगतील. पुढे बसलेल्या म्हाताऱ्यांपैकी सोमाजीभाऊंनी विचारलं, यात मारामारी हाय का? ब्रदर म्हणाले, आहे. मग सगळे नीट बसले.

एका देशाचा राजा दुसऱ्या लोकांना गुलाम करून ठेवतो आणि त्यांचे जन्मलेले मुलगे मारायचा हुकूम काढतो. एक आई आपलं तान्हं पोरगं टोपलीत ठेवून टोपली नदीत सोडते. टोपलीला खालून डांबर लावतात ते पाहून आमच्या बाया हसल्या. एवढ्या जाड डांबरानं टोपली तळाशी जाईन, असं कोणीतरी म्हटलं. मग टोपली पाण्यावर हलली आणि हसणं थांबलं. पाणी कसं असतं हे तिथे सगळ्यांना माहीत होतं. लव्हाळ्यात त्या पोराची बहीण उभी होती, लहानशी, आणि टोपलीवरून डोळे हलवत नव्हती. राजाची लेक अंघोळीला येते, टोपली उचलते. ब्रदर देवाच्या दयेबद्दल काही सांगू लागले, पण त्यांचं कोणी ऐकत नव्हतं. पुढच्या रांगेत वाद सुरू झाला होता.

सोमाजीभाऊ म्हणाले, "पोरगी नजर धरून हाय. राणीनं काढलं तरी पोरगं मायचंच."

"राणीले कोण सांगन?" मागून कोणीतरी म्हटलं.

"सांगाचं कायले? नजर तुटली नाई ना. झालं तर मंग."

ब्रदरना वाटलं, लोक कथेत रमले. ते खूश झाले. पुढे तो मुलगा राजवाड्यात मोठा होतो, सोन्याचे दागिने घालतो, रथात फिरतो. गुलाम चिखल तुडवतात, विटा पाडतात, अंगावर कोरडे बसतात. वीटभट्टीवर जाऊन आलेले आमचे लोक तो चिखल बारकाईनं बघत होते. मग राजपुत्राला कळतं की आपण त्या चिखलातल्या लोकांचे. तो राजवाडा सोडून चिखलात उतरतो, आपल्या आईला भेटतो. त्या वेळी सोमाजीभाऊंनी मागे वळून सगळ्यांकडे पाहिलं, जणू निकाल त्यांनीच दिला होता. "सांगून राह्यलो होतो ना मी." मग तो एका मुकादमाला मारतो, तेव्हा वर्गात टाळ्या पडल्या. त्याला देशाबाहेर काढतात. वाळू, वाळू, तहान; कुठल्याशा विहिरीवर पोचतो, मेंढरं राखतो, लग्न करतो. शेवटी एका डोंगरावर आग दिसते, जी जळते पण झाड जाळत नाही. तिथे पहिली कॅसेट संपली.

ब्रदरनी दुसरी डबी उघडली, कॅसेट घातली, आणि पडद्यावर एक मांडव दिसला. कोणाच्या तरी लग्नाची शूटिंग होती. दवाखान्यात कोणीतरी कॅसेटींची अदलाबदल केली होती. ब्रदर कपाळाला हात लावून बसले. लोकांनी मात्र बंद करू दिली नाही. नवरदेवाच्या मामाचा नाच, जेवणाच्या पंगती, सगळं शेवटपर्यंत पाहिलं आणि पहिल्यापेक्षा हेच बरं होतं असं म्हणत घरी गेले. ब्रदर म्हणाले, पुढच्या महिन्यात दुसरी कॅसेट घेऊन येतो. ती जीप पुन्हा आली नाही. पलीकडच्या जंगलात तेव्हा वातावरण बरं नव्हतं, रस्त्यानं गाड्या घालायला कोणी धजत नसे. तेच कारण असेल.

सगळे गेल्यावर बाईनं मला कोपरानं ढोसलं. तू शिकलेली हायेस, त्यायले विचार, त्या मायचं पुढं काय होते. मी जीपपाशी गेले. ब्रदर वायर गुंडाळत होते. त्यांनी खरंच विचार केला, मग म्हणाले, "आईचं पुढे काही नाही. पुढे सगळं देवाचं आहे."

मी बाईला येऊन सांगितलं की ते म्हणाले, दुसऱ्या कॅसेटीत दिसन. माझं पहिलं खोटं ते. लहान होतं आणि दयेनं बोलले होते. पुढची खोटी कशानं बोलले, ते सांगायला ही पानं.

त्या दिवसानंतर बाई बदलली. ती जेवू लागली. झिंगे निवडताना मधेच थांबायची आणि मला विचारायची, त्या पोरीचं नाव काय होतं वं, जे गवतात उभी होती? मला आठवत नव्हतं. इकडे मायनं ठरवलं होतं की बाळंतपण घुग्घुसला होईल. तिथे माझी मावशी राहायची, कोळशाच्या सायडिंगजवळ एका खोलीत, बाजारात मासळी विकायची. तिच्या ओळखीच्या कोणाच्या तरी मध्यस्थीनं एक जोडपं तयार झालं होतं, मूल नसलेलं, खाणीच्या वसाहतीतलं. अट एकच, त्यांना आमचं नाव कळायचं नाही आणि आम्हाला, मावशीलासुद्धा, त्यांचं नाव-घर कळायचं नाही. गावात सांगितलं की शेवंता मावशीला मदतीला गेली. माझी परीक्षा झाली आणि मलाही तिच्याकडे पाठवलं.

घुग्घुस मला तेव्हा दुसरं जग वाटलं. भांडी पालथी घातली तरी आत काळी भुकटी बसायची. ट्रक रात्रंदिवस. मावशीच्या खोलीत बाईला मुलगा झाला. काळासावळा, डोक्यावर भरपूर जावळ, रडताना आवाज असा घोगरा की मावशी त्याला मुकादम म्हणायची. बारा दिवस तो आमच्याकडे होता. बाईनं त्याचं नाव ठेवलं नाही. माझ्याकडून एक वचन मात्र घेतलं. त्याला द्यायच्या आदल्या संध्याकाळी मांडीवर घेऊन ती म्हणाली, "कुसमे, तू नजर धरजो. घर पाहून ये. मी मागाले जाणार नाई कधी, आन घेऊन सांगतो. पण नजर तुटू देजो नको."

मी म्हटलं, नाई तुटू देणार.

बाजाराचा दिवस होता. मावशीनं नवी बांबूची टोपली आणली होती, त्यात जुनं लुगडं अंथरून बाळ ठेवलं आणि वरून फडकं टाकलं. बघणाऱ्याला मासळी वाटावी. बाई खोलीतच राहिली, तिला ताप होता. मासळीच्या ओळीच्या मागे, ऑटो उभे राहतात तिथे ते दोघं आले होते. बाईमाणसाच्या हातात छत्री, पुरुषानं चष्मा लावलेला. मावशीनं टोपली दिली. त्या छत्रीवालीनं फडकं बाजूला करून पाहिलं आणि लगेच रडू लागली. दोघं ऑटोत बसले. बाजाराच्या गर्दीतून ऑटो माणसाच्या चालीनं जात होता. मी मागे निघाले. काही अवघड नव्हतं. नदीकाठच्या काट्यांतून पळालेली पोरगी मी.

तेवढ्यात मोटरसायकल थांबली. आमच्या शाळेचे चहांदे सर. त्यांचे भाऊ तिथल्या सिमेंट कारखान्यात होते. सरांनी मला डी.एड.ला घालायचं म्हणून बाला तयार केलं होतं. वर्गात माझ्या शेजारी न बसणाऱ्या मुलींना सरच दटावत. त्यांनी मावशीला टोपली देताना आणि फडक्याखालचं बाळही पाहिलं होतं. सहज विचारलं, "कुसुम, तू इथे? कोणाचं बाळ गं ते?"

"माहीत नाही सर," मी म्हटलं. "आमच्यातलं नाही."

मी ऑटोकडे पाठ केली. मुद्दाम केली. माझे डोळे तिकडे गेले तर सरांना कळेल असं मला वाटलं. सर निकालाबद्दल काही बोलले, घरच्यांना नमस्कार सांग म्हणाले, आणि त्यांनी गाडीला किक मारली. इथपर्यंत मी स्वतःला माफ करू शकले असते. ऑटो अजून वळणावर असणार, हॉर्नचा आवाज येत होता. सर जात होते. आणि मी त्यांना थांबवून विचारलं, "सर, डी.एड.ला किती टक्के लागतात?" मला ते माहीत होतं. त्यांनीच मला दोनदा सांगितलं होतं. सरांनी गाडी बंद केली आणि पुन्हा नीट समजावून सांगितलं, आणि मी मान हलवत ऐकत राहिले. त्या प्रश्नाचा अर्थ मी आयुष्यभर शोधते आहे, आणि सापडतो तो एकच: मला ते घर कळायला नको होतं. बाईच्या पदरात काही उरू नये, हे प्रकरण पाण्यात बुडून जावं आणि मला कोरडं निघता यावं, असं मला वाटत होतं. मी वळले तेव्हा रस्त्यावर कोळशाचे ट्रक होते.

खोलीवर गेले तर बाई भिंतीला टेकून बसली होती. दूध येऊन तिचा झंपर भिजला होता.

"पाह्यलं घर?"

"पाह्यलं."

"कसं हाय?"

मी म्हटलं, निळं दार हाय. दारापुढं पेरूचं झाड हाय.

"नजर तुटली नाई ना?"

"नाई."

तिनं डोळे मिटले. मला वाटतं त्या दिवशी ती सुखानं झोपली.

मी डी.एड. झाले, मास्तरीण झाले, लग्न झालं, मूल या तालुक्याच्या गावी घर बांधलं. चाळीस मुलांच्या वर्गापुढे उभी राहून खरं बोलावं हे शिकवलं. बाई गावी परतलीच नाही. मावशीजवळ राहून मासळी विकू लागली, पण बाजारात न बसता टोपली डोक्यावर घेऊन वसाहतींतून फिरायची. घुग्घुसच्या वसाहतींत निळी दारं किती असतील याचा मी विचार केला नव्हता. एकाच रंगाच्या डब्यातून ओळच्या ओळ रंगवलेली असते. पेरूसुद्धा बऱ्याच जणांनी लावलेले. तरी तिनं दोन-तीन वर्षांत एक घर पक्कं केलं. तिथे एक मुलगा होता, साधारण त्या वयाचा. मग दर आठवड्याला ती त्या दारात जायची, चांगली मरळ त्यांच्यासाठी बाजूला ठेवायची. मी भेटायला गेले की तिच्याजवळ त्याच्याच गोष्टी. त्याला काटे चालत नाहीत. त्याला सायकल घेतली. एकदा ती मला दाखवायला घेऊन गेली. गोरटेला, लांब मानेचा पोरगा अंगणात गोट्या खेळत होता. आमच्या घरातलं त्याच्यात काही म्हणजे काही नव्हतं. बाईनं माझ्याकडे पाहिलं.

"हेच घर ना वं?"

तिथे उन्हात उभी राहून मी हो म्हटलं. माझ्याजवळ दुसरं घर नव्हतं तिला द्यायला.

पुढे एका उन्हाळ्यात त्या भागात पोरं पळवणाऱ्या टोळीची अफवा उठली. अनोळखी माणूस दिसला की लोक धरायचे. बाई अनोळखी नव्हती, पण त्याच दिवसांत तिनं त्या मुलाचा हात धरून त्याच्या कानात काहीतरी सांगितलं. काय सांगितलं ते तिनं मला कधी सांगितलं नाही. मुलगा ओरडत घरात गेला. त्याची आई बाहेर आली, मग शेजारची माणसं. मासळीची टोपली तिच्याच अंगावर उलटी केली आणि काठ्या, बॅटी, जे हाताला येईल त्यानं मारलं. कमरेचं हाड मोडलं ते सरळ बसलंच नाही. मी दवाखान्यात पोचले तेव्हा ती शुद्धीवर होती. त्या मुलाची आई जमावापुढे छाती पिटून सांगत होती म्हणे, माझ्या पोटचा आहे, माझ्या पोटचा आहे. मला मावशीनं हे सांगितलं तेव्हा बाई कॉटवरून शांतपणे म्हणाली, "राणीबी तसंच म्हणन ना."

तिथेच सांगायला हवं होतं. मी तिला डाळिंब सोलून दिलं.

ते अख्खं पिक्चर आता मोबाइलवर फुकट मिळतं. माझ्या मुलानं एकदा लावलं होतं, पोराला टोपलीत ठेवलं तेव्हा मी ओळखलं आणि स्वयंपाकघरात गेले. दुसरा अर्धा भाग मी आजतागायत पाहिला नाही.

माय गेली, बा गेला, मावशी गेली. बाई आता माझ्याकडे असते. काठी टेकत अंगणापर्यंत जाते. गेल्या हिवाळ्यात एका दुपारी घरात आम्ही दोघीच होतो. ती सुपात लाखोळी निवडत होती, मी समोर बसले आणि सगळं सांगितलं. सर, मोटरसायकल, मी केलेली पाठ, तो टक्क्यांचा प्रश्न. निळं दार मी मनानं रचलं हे सांगितलं. पेरूचं झाड मावशीच्या शेजाऱ्यांकडे होतं, तेच मला सुचलं, हेही सांगितलं. सांगताना मला वाटत होतं की ती सूप माझ्या तोंडावर मारील, आणि मारावं.

तिनं खडा काढून बाजूला टाकला. मग माझ्याकडे पाहिलं, आजारी लेकराकडे पाहावं तसं.

"तुले आठवत नाई," ती म्हणाली. "तू लहान होती तवा."

"मी घर पाह्यलंच नाई, बाई."

"पाह्यलं तू. दारात तुळस होती, तू सांगतली होतीस मले. अन घरात झोपाळा होता, त्याच्या कड्या वाजत होत्या." तुळस मी कधी सांगितली नव्हती. झोपाळा नव्हता. ती सांगत गेली. त्या बाईनं पोराला पहिल्यांदा कोणत्या रंगाच्या दुपट्यात गुंडाळलं, तो कसा लगेच उगी झाला, आणि मी हे सगळं कसं पळत येऊन तिला सांगितलं. माझा हात तिनं हातात घेतला होता आणि थोपटत होती. मी पुन्हा एकदा म्हटलं, नाई बाई. तिनं ऐकलं नाही. थोड्या वेळानं मी म्हणायचं सोडून दिलं.

ऊन सुपावरून सरकलं होतं. मी तिचं सूप सावलीत ओढून दिलं.

"आता त्याचं लगन झालं असन," ती म्हणाली. "लेकरूबी असन एखादं. नाई वं?"

"असन," मी म्हटलं.

"पोरगी असन."

"हो बाई. पोरगीच असन."